पर्यंत, परवा आणि पुढचा शुक्रवार : इंग्रजीतल्या वेळेविषयी वाचकांचे प्रश्न

या वेळी आलेली बरीचशी पत्रं वार, तारीख आणि घड्याळाची होती, म्हणून हे सदर त्यांनाच दिलं आहे. उत्तरं लिहिताना एक गोष्ट सारखी जाणवत राहिली. ज्याला आपण इंग्रजीची चूक म्हणतो ती पुष्कळदा एखाद्या मराठी शब्दाची करामत असते. ‘पर्यंत’, ‘पासून’, ‘पूर्वी’, ‘पुढे’ हे शब्द मराठीत दोन-दोन नोकऱ्या करतात, इंग्रजीत त्या नोकऱ्यांवर वेगवेगळी माणसं असतात. त्यामुळे व्याकरणाचे तक्ते इथे सापडणार नाहीत. मराठी शब्द नेमका कुठे दुभंगतो, तेवढं दाखवलं आहे.

प्रश्न : मी हिशेब विभागात काम करतो. ‘आय विल सेंड द रिपोर्ट टिल फ्रायडे’ असं लिहिलं, तर साहेबांनी ‘टिल’ खोडून ‘बाय’ केलं. दोन्हीचा अर्थ ‘शुक्रवारपर्यंत’च ना? (वाचक, ठाणे)

उत्तर : मराठीत दोन्हीकडे ‘पर्यंत’च येतं, आणि गफलत तिथेच आहे. ‘दुकान शुक्रवारपर्यंत बंद आहे’ आणि ‘रिपोर्ट शुक्रवारपर्यंत देतो’ ही वाक्यं शेजारी ठेवून पाहा. पहिल्यात बंद असणं सलग चालू आहे आणि ते शुक्रवारी थांबतं. दुसऱ्यात रिपोर्ट एकदाच जाणार आहे, शुक्रवार ही त्याची शेवटची मुदत. सलग चालणाऱ्या गोष्टीला ‘टिल’ किंवा ‘अन्टिल’, एकदाच घडणाऱ्या गोष्टीला ‘बाय’. तुमचं मूळ वाक्य इंग्रजी कानाला ‘शुक्रवार येईपर्यंत मी रिपोर्ट पाठवतच राहीन’ असं ऐकू येतं.

तपासायची सोपी युक्ती : ‘पर्यंत’ काढून ‘च्या आत’ घाला. ‘शुक्रवारच्या आत रिपोर्ट देतो’ हे चालतं, म्हणजे ‘बाय’. ‘शुक्रवारच्या आत दुकान बंद आहे’ हे कानाला खटकतं, म्हणजे ‘टिल’.

शुक्रवार धरून की सोडून? ‘बाय फ्रायडे’मध्ये तो सहसा धरलेला असतो. पण शुक्रवारी सकाळी ऑफिस उघडताना की संध्याकाळी बंद होताना, हे त्यात नाही. निविदा, फी, विम्याचा हप्ता असलं काही असेल तर तास लिहा : ‘बाय फाइव्ह पीएम ऑन फ्रायडे’ आणि पुढे तारीख. ‘टिल’मध्ये शंका जास्त. ‘ऑन लीव्ह टिल द फिफ्टीन्थ’ असा अर्ज आला की माणूस पंधराला हजर होणार की सोळाला, यावर दोन मतं पडतात. रजेच्या अर्जात शेवटचा दिवस देण्याऐवजी परतीचा दिवस द्यावा : ‘बॅक ॲट वर्क ऑन द सिक्स्टीन्थ’. अमेरिकन लोकांकडे यासाठी एक बरा शब्द आहे, ‘थ्रू’. ‘मंडे थ्रू फ्रायडे’ म्हटलं की शुक्रवार पुरा धरलेला असतो.

याच ‘पर्यंत’चं आणखी एक पिल्लू आहे. ‘जोपर्यंत पैसे भरत नाही तोपर्यंत पावती मिळणार नाही’ हे मराठी निर्दोष आहे. त्याचं ‘अन्टिल यू डोन्ट पे’ केलं की बिघडतं, कारण ‘अन्टिल’च्या वाक्यात ते ‘नाही’ लागत नाही. ‘यू वोन्ट गेट अ रिसीट अन्टिल यू पे’ एवढंच पुरे.

प्रश्न : बुधवारची मीटिंग पुढे ढकलून शुक्रवारी ठेवली. मी मेलमध्ये ‘ब्रॉट फॉरवर्ड टु फ्रायडे’ लिहिलं. लंडनच्या सहकाऱ्याचं उत्तर आलं, ‘कोणत्या शुक्रवारी?’ माझं काय चुकलं? आणि ‘प्रीपोन’ हा शब्द चालतो का? (वाचक, पिंपरी)

उत्तर : सहकारी गोंधळला यात नवल नाही. ‘ब्रिंग फॉरवर्ड’ म्हणजे अलीकडे आणणं, आधी घेणं. बुधवारची मीटिंग ‘फॉरवर्ड’ आणून शुक्रवार गाठायचा तर आदल्या आठवड्यातला शुक्रवार पाहिजे!

मराठीत काळाची दिशा पक्की आहे. पुढचा महिना, पुढच्या वर्षी, पुढे बघू. पुढे म्हणजे नंतर. तारीख ‘पुढे’ ढकलली की लांबली आणि ‘अलीकडे’ घेतली की लवकर आली, यात कोणाला शंका येत नाही. इंग्रजीत ‘फॉरवर्ड’ हा शब्द एवढा सरळ नाही. ‘ब्रिंग फॉरवर्ड’ म्हणजे गोष्ट बोलणाऱ्याच्या दिशेने, आजच्या जवळ ओढणं. पण नुसतं ‘मूव्ह्ड फॉरवर्ड’ म्हटलं तर खुद्द इंग्रजी मातृभाषा असलेल्यांमध्येही फूट पडते. ‘बुधवारची मीटिंग दोन दिवस फॉरवर्ड नेली आहे, तर आता ती कधी?’ हा प्रश्न मानसशास्त्रज्ञांनी पुष्कळांना विचारला आहे. साधारण निम्मे सोमवार म्हणतात आणि निम्मे शुक्रवार. लेरा बोरोडित्स्की आणि मायकेल रॅम्स्कर यांनी २००२ मध्ये प्रसिद्ध केलेल्या प्रयोगांत हाच प्रश्न विमानतळावरही विचारला होता. नुकताच विमानातून उतरलेला प्रवासी ‘शुक्रवार’ म्हणण्याकडे जास्त झुकत होता, कोणाला तरी घ्यायला येऊन उभा असलेला माणूस कमी. स्वतः पुढे सरकत आलेल्या माणसाला मीटिंगही पुढे सरकल्यासारखी वाटते, असा त्याचा अर्थ लावला गेला. जिथे त्यांचंच एकमत नाही तिथे आपण ‘मूव्ह्ड फॉरवर्ड’ लिहून धोका कशाला पत्करायचा?

लांबवण्यासाठी ‘पोस्टपोन्ड टु’ हा शब्द सगळीकडे बिनधोक आहे. बोलताना ‘पुश्ड बॅक टु’ म्हणतात. यातला ‘बॅक’ पाहून मराठी मन मागे जातं, पण अर्थ लांबवणं हाच. अलीकडे आणण्यासाठी ‘ब्रॉट फॉरवर्ड टु’ किंवा ‘मूव्ह्ड अप टु’. कोणताही शब्द वापरा, त्याच ओळीत जुना वार आणि नवा वार तारखेसह लिहा, म्हणजे क्रियापद चुकलं तरी माणसं योग्य दिवशी येतील.

‘प्रीपोन’ हा भारतीय इंग्रजीतला शब्द आहे आणि इंग्लंडमधले शब्दकोशही तशीच नोंद करून त्याला जागा देतात. पुणे-बंगळूर मेलमध्ये खुशाल वापरा. आमच्या मते शब्द चांगला आहे, ‘पोस्टपोन’ला जोड हवीच होती. फक्त परदेशी ग्राहकाला तो पहिल्यांदाच दिसत असेल हे लक्षात ठेवा.

घड्याळाच्या बाबतीतही ‘पुढे’ असंच फसवतं. ‘माझं घड्याळ पाच मिनिटं पुढे आहे’ याला ‘माय वॉच इज फाइव्ह मिनिट्स फास्ट’ म्हणतात.

प्रश्न : सोमवारी कोणी ‘नेक्स्ट फ्रायडे’ म्हटलं तर तो चार दिवसांनी येणारा शुक्रवार की त्याच्या पुढचा? (वाचक, नाशिक)

उत्तर : बहुतेक जण त्याच्या पुढचा घेतील, काही जण चार दिवसांवरचा घेतील आणि दोन्ही बाजूंना आपलंच बरोबर वाटेल. मराठीत ‘येत्या शुक्रवारी’ आणि ‘पुढच्या शुक्रवारी’ ही जोडी आहे, तरी ‘पुढच्या’वर आपल्या घरातही वाद होतोच. चार दिवसांवरचा सांगायचा तर ‘धिस फ्रायडे’ किंवा ‘धिस कमिंग फ्रायडे’. त्याच्या पुढचा असेल तर ब्रिटिश लोक ‘फ्रायडे वीक’ किंवा ‘अ वीक ऑन फ्रायडे’ म्हणतात आणि अमेरिकन ‘अ वीक फ्रॉम फ्रायडे’. नुसतं ‘नेक्स्ट फ्रायडे’ कानावर आलं तर लाजू नका, लगेच तारीख विचारा.

एक बारीक गोष्ट : ‘नेक्स्ट’, ‘लास्ट’, ‘धिस’, ‘एव्हरी’ यांच्याआधी ‘ऑन’ लागत नाही. ‘ऑन फ्रायडे’ बरोबर, ‘ऑन नेक्स्ट फ्रायडे’ चूक.

प्रश्न : मी ग्राहकाला ‘आफ्टर एट डेज’ असं कळवलं होतं. तो पुढच्या आठवड्यातल्या त्याच वाराऐवजी एक दिवस उशिरा आला आणि माझ्यावरच नाराज झाला. (वाचक, कोल्हापूर)

उत्तर : ग्राहकाने अंक मोजले, तुम्ही मराठी मोजलं. आपण सोमवारी बसून ‘आठ दिवसांनी या’ म्हणतो तेव्हा मनात पुढचा सोमवार असतो. आजचा सोमवार एक, मंगळवार दोन असं मोजत गेलं की पुढचा सोमवार आठवा येतो. दोन्ही टोकं धरायची ही जुनी पद्धत. दोन आठवड्यांना ‘पंधरा दिवस’ म्हणतो तेही याच हिशेबाने. फ्रेंच लोकही असंच करतात. त्यांच्या बोलण्यात आठवड्याला ‘आठ दिवस’ आणि दोन आठवड्यांना ‘पंधरा दिवस’ म्हणायची रीत आजही आहे. इंग्रजी मात्र पहिला दिवस सोडून मोजते. सोमवारपासून ‘एट डेज’ म्हणजे मंगळवार.

म्हणून आठ दिवस हे ‘अ वीक’ आणि पंधरा दिवस हे ‘टू वीक्स’ म्हणून सांगा. ब्रिटनमध्ये ‘फोर्टनाइट’ रोजच्या बोलण्यात आहे. हा शब्द ‘चौदा रात्री’ यावरूनच आला आहे. अमेरिकेत तो फारसा चालत नाही. आणि मुदत खरोखरच पंधरा दिवसांची असेल, उदाहरणार्थ नोटीस किंवा करारातली, तर ‘फिफ्टीन डेज’च लिहा आणि कोणत्या तारखेपासून मोजायचे तेही लिहा. तिथे ‘फोर्टनाइट’ घातलं तर एक दिवस कमी पडेल.

जाता जाता, ‘बायवीकली’ आणि ‘बायमंथली’ या शब्दांच्या नादाला लागू नका. ‘बायवीकली’ म्हणजे आठवड्यातून दोनदा आणि दोन आठवड्यांतून एकदा, असे दोन्ही अर्थ शब्दकोशात आहेत. साप्ताहिक, पाक्षिक, मासिक, द्वैमासिक अशी आपली उतरंड किती स्वच्छ आहे पाहा. इंग्रजीत ‘ट्वाइस अ वीक’ किंवा ‘एव्हरी टू वीक्स’ असं फोडून लिहिणं बरं.

प्रश्न : ‘आय ॲम वर्किंग हिअर सिन्स टू यिअर्स’ आणि ‘बिफोर टू यिअर्स आय वॉज इन सोलापूर’. मुलाखतीत ही दोन्ही वाक्यं चुकीची ठरली. का? (वाचक, सोलापूर)

उत्तर : पहिल्यात ‘पासून’ने दगा दिला, दुसऱ्यात ‘पूर्वी’ने.

‘२०१९ पासून’ आणि ‘दोन वर्षांपासून’ ही मराठीत एकाच साच्याची वाक्यं. इंग्रजीत सुरुवातीचा क्षण सांगितला तर ‘सिन्स’, मधली लांबी सांगितली तर ‘फॉर’. परीक्षा अशी : ‘पासून’च्या ऐवजी ‘गेली’ घालून पाहा. ‘गेली दोन वर्षं’ हे बसतं, म्हणून ‘फॉर’. ‘गेली २०१९’ बसत नाही, म्हणून ‘सिन्स’. ‘लहानपणापासून’, ‘सकाळपासून’, ‘लग्न झाल्यापासून’ यांतही ‘गेली’ बसत नाही, तिथे ‘सिन्स’च. दुसरी दुरुस्ती क्रियापदाची. मराठीत ‘करतोय’ म्हटलं की पुरतं, इंग्रजीत आधी सुरू होऊन आत्तापर्यंत चालू असलेल्या कामाला ‘हॅव बीन’ लागतं. म्हणून ‘आय हॅव बीन वर्किंग हिअर फॉर टू यिअर्स’. ‘सिन्स लास्ट टू यिअर्स’ हा मधला अवतार फार ऐकू येतो. तिथेही ‘फॉर द लास्ट टू यिअर्स’ हवं.

दुसऱ्या वाक्यात दोन वर्षं कुठून मागे मोजली ते पाहायचं. आजपासून मागे मोजली तर ‘टू यिअर्स अगो’. दुसऱ्या एखाद्या घटनेपासून मागे मोजली तर ‘बिफोर’, आणि ते आकड्याच्या नंतर येतं : ‘टू यिअर्स बिफोर द वेडिंग’, लग्नाच्या दोन वर्षं आधी. ‘टू यिअर्स बॅक’ बोलण्यात चालून जातं, लेखी अर्जात ‘अगो’ शोभतं.

प्रश्न : ‘टुडे मॉर्निंग’ चूक आहे असं मुलीच्या शिक्षिका म्हणतात. मग ‘टुमॉरो मॉर्निंग’ कसं बरोबर? (पालक, औरंगाबाद रोड, अहिल्यानगर)

उत्तर : नियम मागू नका, ही वहिवाट आहे. आज सकाळी ‘धिस मॉर्निंग’, आज दुपारी ‘धिस आफ्टरनून’, आज संध्याकाळी ‘धिस ईव्हनिंग’, आज रात्री ‘टुनाइट’, काल रात्री ‘लास्ट नाइट’. ‘यस्टर्डे मॉर्निंग’ आणि ‘टुमॉरो मॉर्निंग’ दोन्ही बरोबर. आज पहाटे म्हणायचं तर ‘अर्ली धिस मॉर्निंग’.

‘परवा’ला इंग्रजीत एक शब्द नाही, आणि आपल्याकडे एकच शब्द दोन्ही दिशांना जातो. होऊन गेलेला परवा ‘द डे बिफोर यस्टर्डे’, येणारा परवा ‘द डे आफ्टर टुमॉरो’. सुरुवातीचा ‘द’ विसरू नये. तेरवासाठी सरळ ‘थ्री डेज अगो’ किंवा ‘इन थ्री डेज’ म्हणा.

प्रश्न : ‘दहा मिनिटांनी फोन करतो’ याचं ‘आफ्टर टेन मिनिट्स’ बरोबर की ‘इन टेन मिनिट्स’? ‘इन’ म्हणजे ‘दहा मिनिटांत’ नाही का? (वाचक, मडगाव)

उत्तर : ‘इन’ दिसतो ‘त’सारखा, काम करतो ‘नी’चं. ‘आय विल कॉल यू इन टेन मिनिट्स’ म्हणजे दहा मिनिटांनी. ‘आफ्टर टेन मिनिट्स’ म्हटलं तर समोरच्याला ‘दहा मिनिटं तरी करणार नाही, पुढे कधीही’ असा वास येतो. दहा मिनिटांच्या आतच करणार असाल तर ‘विदिन टेन मिनिट्स’.

काम पुरं करायला लागणारा वेळ असेल तेव्हा मात्र ‘इन’ आपला ओळखीचा ‘त’ होतो : ‘शी फिनिश्ड द पेपर इन ॲन अवर’, तासाभरात पेपर सोडवला. गोष्ट सांगताना, भूतकाळात, ‘दहा मिनिटांनी तो आला’ याला ‘टेन मिनिट्स लेटर’ म्हणायचं.

प्रश्न : ‘ऑन टाइम’ आणि ‘इन टाइम’? (वाचक, जळगाव)

उत्तर : ‘वेळेवर’ आणि ‘वेळेत’. एवढी नेमकी जुळणारी जोडी दुसरी नसेल. दहाची गाडी दहाला सुटली, ‘ऑन टाइम’. ती सुटायच्या आधी तुम्ही फलाटावर पोचलात, ‘इन टाइम’.

प्रश्न : तिकिटावर १५ जून, ००.१० असं होतं. आम्ही १५ च्या रात्री स्टेशनवर गेलो तर गाडी आदल्या रात्रीच गेली होती. शिवाय ‘ट्वेल्व्ह एएम’ दुपार की रात्र हे अजून कळत नाही. (वाचक, अकोला)

उत्तर : असं फसणारे पुष्कळ आहेत, आणि त्याला गणितापेक्षा आपली ‘रात्र’ जबाबदार आहे. पंचांगात वार सूर्योदयाला बदलतो. बोलण्यातही ‘गुरुवारी रात्री एक वाजता’ म्हणतो तेव्हा उजाडेपर्यंत गुरुवारच चालू असतो. रेल्वेचं घड्याळ चोवीस तासांचं, तिथे ००.०० ला तारीख उलटते. १५ जूनचा ००.१० म्हणजे १४ तारखेचं जेवण उरकून, अंथरुणं घालायच्या वेळेला निघायचं. तिकिटावर ०० किंवा ०१ ने सुरू होणारी वेळ दिसली की तिकीट काढतानाच भिंतीवरच्या कॅलेंडरवर आदल्या दिवसाच्या चौकोनात ‘रात्री गाडी’ असं लिहून टाका.

इंग्रजी बोलतानाही हेच सांभाळायचं. आपला ‘गुरुवारी रात्री एक’ म्हणजे त्यांचा ‘वन ओ’क्लॉक ऑन फ्रायडे मॉर्निंग’. मध्यरात्रीनंतरचे तास तिथे ‘मॉर्निंग’मध्ये जातात, बाहेर कितीही काळोख असो.

आता बारा. ‘एएम’ आणि ‘पीएम’ ही लॅटिन शब्दांची लघुरूपं, अर्थ मध्यान्हापूर्वी आणि मध्यान्हानंतर. भर मध्यान्ह यांपैकी कशातच नाही, आणि घोळ तिथून सुरू होतो. आज मोबाइल आणि संगणकावर ‘ट्वेल्व्ह पीएम’ म्हणजे दुपारचे बारा आणि ‘ट्वेल्व्ह एएम’ म्हणजे रात्रीचे बारा असा संकेत आहे. पण अमेरिकी सरकारच्या मुद्रणालयाची लेखनपुस्तिका २००८ ची आवृत्ती येण्याआधी याच्या बरोबर उलट सांगत होती, आणि तिथली मानकं ठरवणारी राष्ट्रीय संस्था तर हे दोन्ही प्रयोग टाळाच म्हणते. दुपार असेल तर ‘ट्वेल्व्ह नून’ लिहा. मध्यरात्रीला ‘मिडनाइट’ लिहूनही ‘१५ ची मध्यरात्र’ म्हणजे १५ सुरू होतानाची की संपतानाची हा प्रश्न उरतोच. म्हणून ऑनलाइन अर्जाची मुदत देताना ‘इलेव्हन फिफ्टी-नाइन पीएम’ अशी एक मिनिट अलीकडची वेळ टाकतात. ती युक्ती उचलण्यासारखी आहे.

प्रश्न : मुलगा जर्मनीत शिकतो. साडेपाचला ‘हाफ फाइव्ह’ म्हणाला, तर मित्र साडेचारलाच येऊन बसले. (पालक, पुणे)

उत्तर : ‘हाफ फाइव्ह’ हे ब्रिटिश बोलणं, ‘हाफ पास्ट फाइव्ह’चं आखूड रूप, म्हणजे साडेपाचच. पण जर्मन माणसाच्या भाषेत त्याच शब्दांचं ‘हाल्ब फ्युन्फ’ होतं आणि त्याचा अर्थ पाचाकडे जाणाऱ्या तासातला अर्धा, साडेचार. आपल्या ‘पावणेपाच’ची नजर जशी येणाऱ्या पाचावर असते, तशी त्यांच्या अर्ध्याची. जर्मनीत ‘फाइव्ह थर्टी’ म्हणावं. त्याहून बरं म्हणजे चोवीस तासांचं ‘सेव्हन्टीन थर्टी’.

अमेरिकेत पावणेसहाला ‘क्वार्टर ऑफ सिक्स’ही म्हणतात. तो सव्वासहा नव्हे.

तासांच्या लांबीतही आपले दीड, अडीच, पाऊण अडतात. दीड तास म्हणजे ‘ॲन अवर अँड अ हाफ’ किंवा ‘वन अँड अ हाफ अवर्स’. दुसऱ्या रूपात ‘अवर्स’ अनेकवचनी आणि मधला ‘अ’ हवाच. सव्वा तास ‘ॲन अवर अँड अ क्वार्टर’, पाऊण तास ‘थ्री क्वार्टर्स ऑफ ॲन अवर’ किंवा सरळ ‘फॉर्टी-फाइव्ह मिनिट्स’. ‘ओ’क्लॉक’ फक्त पूर्ण तासाला लावायचं, ‘फाइव्ह थर्टी ओ’क्लॉक’ होत नाही.

प्रश्न : न्यूयॉर्कच्या टीमने जुलैत ‘टेन एएम ईएसटी’ लिहिलं. मी रात्री साडेआठला जोडला गेलो तर मीटिंग संपली होती. (वाचक, हिंजवडी)

उत्तर : तुम्ही हिशेब अचूक केलात, त्यांनी शब्द चुकीचा लिहिला. ‘ईएसटी’मधला ‘एस’ स्टँडर्डचा, म्हणजे हिवाळ्याचा. मार्चच्या दुसऱ्या रविवारी त्यांची घड्याळं तासभर पुढे जातात आणि नोव्हेंबरच्या पहिल्या रविवारी मागे येतात. या मधल्या काळात बरोबर नाव ‘ईडीटी’, त्यातला ‘डी’ डेलाइटचा. उन्हाळ्यात न्यूयॉर्क आपल्यापेक्षा साडेनऊ तास मागे, हिवाळ्यात साडेदहा. जुलैत त्यांचे सकाळचे दहा म्हणजे आपले संध्याकाळचे साडेसात. अमेरिकेत पुष्कळ लोक बारा महिने सवयीने ‘ईएसटी’च लिहितात, तेव्हा अक्षरांवर न जाता ‘न्यूयॉर्कच्या घड्याळात किती’ हे विचारा. लंडनचा बदल मार्चच्या आणि ऑक्टोबरच्या शेवटच्या रविवारी होतो, त्यामुळे मार्चमध्ये दोन-तीन आठवडे दोन्ही शहरांतलं नेहमीचं अंतरही बदललेलं असतं.

तुमची ‘आयएसटी’, म्हणजे भारतीय प्रमाणवेळ, हे नावही तितकं निर्धोक नाही. आयर्लंड आणि इस्राएल हे दोन्ही देश आपापल्या वेळेसाठी हीच तीन अक्षरं वापरतात. ‘इंडिया टाइम’ किंवा ‘मुंबई टाइम’ लिहिलं की विषय संपला.

प्रश्न : ‘एक दिवसाआड गोळी’ हे परदेशातल्या डॉक्टरांना कसं सांगायचं? (ज्येष्ठ वाचक, सध्या मुलीकडे न्यू जर्सीत)

उत्तर : ‘एव्हरी अदर डे’. ‘एव्हरी टू डेज’चा अर्थही एक दिवसाआडच होतो. आपलं ‘दोन दिवसांआड’ मात्र ‘एव्हरी थ्री डेज’, कारण मधे दोन दिवस मोकळे जातात. आकडा तसाच उचलला तर गोळी चुकते. चिठ्ठीवरची ‘क्यूडी’ म्हणजे रोज आणि ‘क्यूओडी’ म्हणजे एक दिवसाआड. एका अक्षराचा हा फरक इतका घातक ठरला, की अमेरिकेतल्या रुग्णालयांना मान्यता देणाऱ्या जॉइंट कमिशनने ही दोन्ही लघुरूपं ‘वापरू नका’ यादीत टाकली. वारच लिहून घ्या : सोमवार, बुधवार, शुक्रवार. आणि रविवारचं काय, तेही विचारून घ्या.

प्रश्न : ‘वन्स इन अ ब्लू मून’ आणि ‘इलेव्हन्थ अवर’ यांचा खरा अर्थ काय? (विद्यार्थिनी, रत्नागिरी)

उत्तर : ‘इलेव्हन्थ अवर’ म्हणजे अगदी ऐन वेळी. यातले अकरा घड्याळातले नाहीत. बायबलमध्ये द्राक्षमळ्यातल्या मजुरांची कथा आहे. तिथे दिवस उजाडल्यापासून मावळेपर्यंत बारा तासांचा धरतात. अकराव्या तासाला कामावर आलेला मजूर म्हणजे दिवस मावळायला जेमतेम तास उरला असताना आलेला.

‘ब्लू मून’ म्हणजे क्वचित, आपलं ‘कधीतरी दिवाळी-दसऱ्याला’. आज एका इंग्रजी महिन्यातल्या दुसऱ्या पौर्णिमेला ‘ब्लू मून’ म्हणतात, पण हा अर्थ एका चुकीतून रूढ झाला. अमेरिकेतल्या एका जुन्या पंचांगात तीन महिन्यांच्या ऋतूत चार पौर्णिमा आल्या तर तिसरीला हे नाव होतं. १९४६ मध्ये ‘स्काय अँड टेलिस्कोप’ मासिकातल्या एका लेखात त्याचा अर्थ चुकीचा लावला गेला आणि तोच पुढे लोकप्रिय झाला. या मागचं गणित मात्र आपल्या घरातलं आहे. १९ सौर वर्षांत २२८ महिने बसतात आणि चांद्रमास २३५. वरचे सात चांद्रमास आपण अधिक महिने म्हणून वेगळे काढतो. त्यांच्याकडे तेच जादा पौर्णिमा म्हणून दिसतात. २०२३ मध्ये आपल्याकडे अधिक श्रावण होता, आणि त्याच वर्षी भारतीय वेळेनुसार ऑगस्टमध्ये दोन पौर्णिमा पडल्या. ‘ब्लू मून’ साधारण धोंड्याच्या महिन्याइतक्याच वेळा येतो. तेव्हा जावयाला धोंडे खायला बोलावण्याइतकं क्वचित, असा अर्थ घेतलात तरी हिशेब चुकणार नाही.

प्रश्न : रात्री नऊला कोणाकडे गेलो तर ‘गुड नाइट’ म्हणावं का? (वाचक, सावंतवाडी)

उत्तर : आत जाताना ‘गुड ईव्हनिंग’, निघताना ‘गुड नाइट’. दारातच ‘गुड नाइट’ म्हणालात तर यजमानाला वाटेल, आलात आणि लगेच निघालात.